दूध-लोणी न घालता माचा आणि चेस्टनटचे मफिन : रंग आणि ओलावा टिकेना, मदत हवी

मुग्धा_नागोया

नमस्कार मंडळी,

जपानात नागोयाला राहते. मुलगा सहा वर्षांचा आहे आणि त्याला दुधातल्या प्रथिनांची ॲलर्जी आहे. लॅक्टोज न पचण्याचा प्रकार नाही हा. दह्याचा एक चमचा पोटात गेला तरी ओठ सुजतात, अंगावर गांधी उठतात. मागच्या महिन्यात घराजवळच्या एका बेकरीत 'यात लोणी नाही' असं सांगितलं म्हणून माचाचा, म्हणजे हिरव्या चहाच्या पानांच्या बारीक पुडीचा, मफिन घेतला. लोणी नव्हतं खरं, पण मार्गारिन होतं आणि त्या मार्गारिनमध्ये दूध पावडर. ती रात्र आम्ही दोघांनी त्याच्या उशाशी बसून काढली. सकाळी उठल्यावर पहिला प्रश्न त्याचा : "आई, तू करशील का तसा हिरवा केक?"

तर करायचाच आहे. इथे सध्या चेस्टनट या कवचाच्या पिठूळ फळाचा, म्हणजे 'कुरी'चा, हंगाम आहे आणि त्याला ते फार आवडतात. दोनदा केले, दोन्हीदा फसले. प्रमाण असं :

मैदा १५० ग्रॅम, साखर ८०, तेल ६०, अंडं १, सोया दूध १२० मिली. दुधात एक मोठा चमचा व्हिनेगर घालून ताकासारखं फाडून घेतलं. खायचा सोडा १ छोटा चमचा, माचा १० ग्रॅम. उकडलेल्या चेस्टनटचे तुकडे. १८० अंशांवर २५ मिनिटं.

फुगले छान. पण रंग शेवाळलेल्या भिंतीसारखा, चव कडू आणि दुसऱ्या दिवशी हात लावला की भुगा. कुठे चुकतंय?

खमंग_फोडणी

रुमाल टाकून ठेवते. दोन्ही जिन्नस माझ्या घरात कधी आलेले नाहीत, पण वाचायला आवडेल. लेकाला सांभाळा.

दादरकर_काका

मुग्धाताई, एक शंका. लोण्याऐवजी घरी कढवलेलं साजूक तूप का नाही घालत? बेरी काढून टाकली की त्यात दूध उरतंच कुठे? आमच्या हिला दूध पचत नाही, पण पुरणपोळीवर तूप दोन वाट्या चालतं.

अवनीची_आई

काका, तुमच्या घरी चालतं कारण काकूंना लॅक्टोजचा त्रास असावा. ती दुधातली साखर, तुपात जवळपास नसतेच. ॲलर्जी असते ती प्रथिनांची, केसिन वगैरेची, आणि घरच्या तुपात ती कितीही गाळलं तरी लेशमात्र राहू शकतात. ज्याचे ओठ चमचाभर दह्याने सुजतात त्याला तूप देऊन बघायचं नाही. माझ्या भाचीबाबत आम्ही हाच धडा दवाखान्यात जाऊन शिकलो. 'थोडंसं दिलं तर काय होतंय' हे वाक्य घरातल्या मोठ्यांनी कृपया विसरावं.

दादरकर_काका

पटलं. हा फरक आजवर कुणी सांगितला नव्हता. तुपाची सूचना मागे घेतो.

पातेलं_आणि_पळी

अंडं चालतंय म्हणजे हे डेअरी-फ्री कसं? आमच्याकडे दुकानात अंडी आणि दूध एकाच फळीवर असतात.

मुग्धा_नागोया

फळी एकच असली तरी अंडं कोंबडीचं :) डेअरी म्हणजे दूध आणि दुधाचे पदार्थ. व्हीगन करायचं असेल तर अंडंही काढावं लागेल. आमची अडचण फक्त दुधाची आहे.

रसायनवाला

मुग्धाताई, तुमच्या कृतीत गुन्हेगार दोन आहेत आणि दोघे एकमेकांचे भागीदार आहेत : व्हिनेगर आणि सोडा.

माचाचा हिरवा रंग क्लोरोफिलचा. त्याच्या रेणूच्या मधोमध मॅग्नेशियमचा अणू असतो. आम्ल आणि उष्णता मिळाली की तो अणू निसटतो आणि हिरव्याचा मेंदीसारखा तपकिरी-हिरवा होतो. पालकाच्या भाजीत लिंबू आधी पिळलं की ती काळवंडते, तेच हे. म्हणून सोया दूध व्हिनेगरने फाडायची युक्ती चॉकलेट केकला उत्तम, माचाला घातक.

मग नुसता सोडा वाढवावा का? तेही नको. पालेभाजीत सोडा टाकला की ती हिरवीगार राहते हे खरं, पण चहाच्या पानात कॅटेचिन ही तुरट द्रव्यं भरपूर असतात आणि ती अल्कलीत पटकन तपकिरी पडतात. ग्रीन टीच्या कपात चिमूटभर सोडा टाका, रंग डोळ्यांदेखत लालसर होतो. वर साबणासारखी चव.

उपाय सोपा आहे. व्हिनेगर बाद, सोडा बाद, फक्त बेकिंग पावडर घ्या. त्यात आम्ल आणि सोडा एकमेकांना पुरतील अशा मापानेच असतात, त्यामुळे पीठ दोन्हीकडे फारसं झुकत नाही. १५० ग्रॅम मैद्याला ६ ग्रॅम, म्हणजे दीड छोटा चमचा. आणि १८० ऐवजी १७० अंश ठेवा. वरचा पापुद्रा भाजून तपकिरी होतो तो वेगळाच प्रकार, त्याला फॉइल लावा. पहिली १२-१३ मिनिटं उघडं, मग वरून सैल फॉइल.

खमंग_फोडणी

पालक आणि लिंबाचं उदाहरण वाचून इतक्या वर्षांच्या पालक-डाळीचा उलगडा झाला. धन्यवाद!

उटी_ते_ऊटा

कडूपणाबद्दल माझे दोन पैसे. माचा कुठला वापरताय? भारतात मी 'माचा' म्हणून जे आणलं होतं ते नुसती दळलेली ग्रीन टी निघाली. रंग पिवळट, चव कडू झार. खऱ्या माचाच्या झुडपांवर तोडणीआधी सुमारे तीन आठवडे छप्पर घालून सावली करतात. त्यामुळे पानात क्लोरोफिल आणि थिआनिन (चहाला मऊ चव देणारं द्रव्य) वाढतं, कडूपणा कमी राहतो. मग वाफवून, वाळवून, शिरा-देठ काढून दगडी जात्यावर दळतात. अशा जात्यावर तासाला जेमतेम ४० ग्रॅम निघतो. स्वस्तात किलोभर मिळत असेल तर तो माचा नाही असं समजावं.

मुग्धा_नागोया

@उटी_ते_ऊटा, माझा माचा निशिओचा आहे. निशिओ आमच्याच आइची प्रांतात, नागोयाहून ट्रेनने तासाभरावर. जगाला क्योतोजवळच्या उजीचा माचा माहीत असतो, पण इथल्या लोकांना निशिओचा फार अभिमान. तेव्हा माल चांगला आहे. फक्त २०२४च्या शरदापासून माचाची इतकी ओढाताण सुरू झाली की क्योतोच्या जुन्या दुकानांनी गिऱ्हाइकाला किती डबे द्यायचे यावर बंधन घातलं. किमतीही चढल्या. म्हणून दोनदा मिळून २० ग्रॅम वाया गेल्याचं जास्त वाईट वाटतंय.

@रसायनवाला, मनापासून आभार. व्हिनेगरवर माझा संशयच नव्हता!

रसायनवाला

कडूपणाचं आणखी एक कारण सांगायचं राहिलं. गाईच्या दुधातली प्रथिनं चहातल्या तुरट द्रव्यांना धरून ठेवतात, म्हणून दुधाचा चहा कोऱ्या चहापेक्षा जिभेला मऊ लागतो. तुम्ही दूध काढलंत तेव्हा नुसता ओलावा नाही गेला, हा मऊपणाही गेला. सोया दुधातली प्रथिनं ते काम थोडंफार करतात, पण पातळ सोया दुधात ती कमी असतात. जरा घट्ट मिळतं का बघा.

मुग्धा_नागोया

मिळतं! इथे दोन प्रकार असतात. 'मुचोसेइ' म्हणजे नुसतं सोयाबीन आणि पाणी, त्यात सोयाबीनचा अंश किमान ८ टक्के. दुसरं 'चोसेइ', साखर-मीठ-तेल घालून प्यायला सोपं केलेलं, किमान ६ टक्के. मी दुसरं वापरत होते. बदलते.

अवनीची_आई

थांबा, माझा मुद्दा राहिला. मुलगा सहा वर्षांचा ना? माचा म्हणजे अख्खं पान पोटात जातं. जपानच्याच अन्नघटक तक्त्यात माचात १०० ग्रॅमला ३.२ ग्रॅम कॅफीन दिलंय. तुमच्या १० ग्रॅममध्ये झालं ३२० मिलिग्रॅम. किती मफिन होतात?

मुग्धा_नागोया

सहा.

अवनीची_आई

म्हणजे एका मफिनमध्ये ५३ मिलिग्रॅम. कॅनडाच्या आरोग्य खात्याने ४ ते ६ वर्षांच्या मुलांसाठी दिवसाची मर्यादा ४५ सांगितली आहे. एकच मफिन खाल्ला तरी ओलांडली. घाबरवायचं नाही, पण माचा ६ ग्रॅमवर आणा. मग एका मफिनला ३२ मिलिग्रॅम पडेल. आणि संध्याकाळी नको, सकाळी द्या.

पातेलं_आणि_पळी

६ ग्रॅममध्ये हिरवा रंग येईल का पण? मला वाटतं निम्म्या पिठात माचा घालावा, निम्मं पांढरं ठेवावं आणि दोन्ही साच्यात आलटून पालटून ओतावं.

रसायनवाला

@अवनीची_आई, अनुमोदन. रंग न मारता भाजला तर ६ ग्रॅम पुष्कळ आहे. तपकिरी झालेल्या १० ग्रॅमपेक्षा हिरवा राहिलेला ६ ग्रॅम जास्त उठून दिसेल. माचा मैद्यात चाळण्याऐवजी आधी तेलात घोटून घ्या, गुठळ्या राहत नाहीत.

कोकणची_चेडवा

चेस्टनट म्हणजे आपला शिंगाडाच ना? वॉटर चेस्टनट म्हणतात त्याला. उपासाचं शिंगाडा पीठ घातलं तर?

उटी_ते_ऊटा

नाही हो, नावाचा घोळ आहे. शिंगाडा तळ्यात वाढतो, पाण्यावर पसरणारी वेल. चेस्टनट हे मोठं झाड, ओकच्या कुळातलं. आपल्याकडे काश्मीर, हिमाचल, उत्तराखंड भागात थोडंफार होतं. शिंगाडा कुरकुरीत, पाणीदार. चेस्टनट शिजला की उकडलेल्या रताळ्यासारखा पिठूळ आणि गोड. आणि नट म्हणत असले तरी त्यात तेल नावापुरतं. बदाम-अक्रोडात निम्मी किंवा त्याहून जास्त चरबी, यात मुख्यतः पिष्ट आणि पाणी.

टेम्सकाठ

घोळाचा विषय निघालाच आहे तर एक धोक्याची सूचना. इथे लंडनमध्ये ऑक्टोबरात बागांमध्ये तपकिरी चकचकीत बिया पडलेल्या असतात. तो हॉर्स चेस्टनट, विषारी, खायचा नाही. माझ्या मैत्रिणीच्या सासूबाईंनी पिशवीभर गोळा करून उकडायला ठेवला होता, वेळेवर लक्षात आलं. ओळख अशी : खायच्या चेस्टनटचं बोंड साळिंदरासारखं दाट बारीक काट्यांचं, आत दोन-तीन बिया, बीला टोक आणि टोकाला बारीक शेंडी. विषारी बोंडाला काटे विरळ आणि जाड, आत बहुधा एकच बी, गोल गरगरीत, टोक नाही. शंका असेल तर दुकानातून आणावा.

मुग्धा_नागोया

@टेम्सकाठ, फार कामाची माहिती. मी बाजारातूनच आणते, पण इतरांसाठी हे हवंच होतं.

अवांतर, पण सांगितल्याशिवाय राहवत नाही. लेकाला चेस्टनट आवडायला लागला तो नाकात्सुगावात. नागोयाहून पूर्वेला डोंगरात, गिफू प्रांतातलं गाव आहे. तिथली 'कुरी किनतोन' प्रसिद्ध. वाफवलेला चेस्टनट आणि साखर, बाकी काही नाही. दुकानातल्या आजी चमच्याने गोळा उचलायच्या, ओल्या फडक्यात ठेवून मूठभर पीळ द्यायच्या आणि फडकं उलगडलं की गोळ्यावर पिळाच्या घड्या तशाच उमटलेल्या. आईच्या हातच्या मोदकाच्या कळ्या आठवल्या. मी सवयीने विचारलं, यात दूध आहे का? त्या म्हणाल्या, चेस्टनट आणि साखर, तीनशे पासष्ट दिवस तेवढंच. लेकाने दुकानातली मिठाई न घाबरता खाल्ली ती पहिल्यांदा. तेव्हापासून दर शरदात आम्ही जातो.

खमंग_फोडणी

किती सुंदर लिहिलंत. डोळ्यांसमोर आलं ते फडकं.

टेम्सकाठ

@मुग्धा, तिकडची पाकिटं कशी वाचता? जपानी येतं का?

मुग्धा_नागोया

बोलण्यापुरतं येतं, पण 'दूध' अर्थाचं 'न्यू' हे चित्राक्षर मी झोपेतही ओळखते. गंमत अशी की ते नको तिथेही असतं. सोया दूध म्हणजे 'तोन्यू', त्यातही तेच अक्षर. 'न्यूकाझाइ' म्हणजे इमल्सिफायर (तेल-पाणी एकजीव ठेवणारा घटक), बहुतेकदा सोयाबीनपासूनचा. सुरुवातीला अक्षर दिसलं की मी सगळंच परत फळीवर ठेवायची. पण 'न्यूतो' म्हणजे दुधातली साखर, ती दुधाचीच. दूध हे इथे पाकिटावर लिहिणं सक्तीच्या यादीत आहे, त्यामुळे शेवटी ॲलर्जीचा वेगळा रकाना बघते. सुटा माल विकणारी बेकरी मात्र या सक्तीत येत नाही, आणि तिथेच आमचा घात झाला.

कोकणची_चेडवा

मुग्धा, उकडलेल्या रताळ्यासारखा पिठूळ, सोलायला चिवट, आत बारीक चिकट साल... हे वर्णन वाचून मला सारख्या फणसाच्या आठळ्या आठवतायत! चव मिळतीजुळती असते का?

मुग्धा_नागोया

अगं हो!! पहिल्यांदा खाल्ला तेव्हा मी नवऱ्याला हेच म्हणाले होते. चेस्टनट जरा जास्त गोड, पण जिभेवर तोच पिठूळपणा. माझं माहेर चिपळूणचं, आजी चुलीच्या निखाऱ्यात आठळ्या भाजायची.

कोकणची_चेडवा

मग मी करून बघते. जूनमध्ये उकडून फ्रीजरमध्ये टाकलेल्या आहेत, अळूच्या भाजीसाठी ठेवल्या होत्या.

रसायनवाला

मुळात मुग्धाताईंच्या तिसऱ्या तक्रारीचं, भुग्याचं, उत्तरही तिथेच आहे. चेस्टनट नुसते तुकडे करून घालू नका. निम्मे सोया दुधात घालून मिक्सरमधून गंधासारखे वाटा. शिजलेलं पिष्ट पाणी धरून ठेवतं, आणि त्याचा गोडवा माचाचा तुरटपणाही झाकतो. लोणी-दूध काढून जी जागा रिकामी झाली ती तेल वाढवून भरू नका, चेस्टनटनेच भरा. मैदा तेवढा कमी करा. आणि मैदा पडल्यावर फेटू नका, दहा-बारा वेळा उलटंपालटं केलं की बस.

टेम्सकाठ

डबाबंद 'क्रेम द मारों' घातलं तर? फ्रेंच चेस्टनटचा मुरंबा असतो. 'क्रेम' म्हणतात पण त्यात साय नसते, चेस्टनट, साखर, व्हॅनिला.

रसायनवाला

चालेल, पण भरपूर गोड असतं, साखर निम्म्याहून कमी करा. आणि त्या डब्यामागचाही घटकांचा रकाना वाचा.

दादरकर_काका

चेस्टनट सोलायचे कसे ते कुणी सांगेल का? मुलीने दुबईहून पाव किलो आणलेत. दोन दिवस सुरी घेऊन बसलोय.

मुग्धा_नागोया

काका, सुरी जपून! फुगीर बाजूला खोल चीर द्या, कवच कापलं गेलं पाहिजे. चीर न देता भाजले तर फुटून उडतात. मग अर्धा-पाऊण तास उकडा आणि गरम असतानाच एकेक बाहेर काढून सोला. गार झाला की आतली साल चिकटून बसते. जपानी चेस्टनटची आतली साल तर फारच हट्टी. इतकी, की इथल्या संशोधकांनी साल पटकन सुटणारं 'पोरोतान' नावाचं वाण मुद्दाम तयार केलंय. घाई असेल तेव्हा मी सोललेले भाजके चिनी चेस्टनट पाकिटातून आणते, लहान असतात पण गोड.

मुग्धा_नागोया

मंडळी, झाले!!! रविवारी सकाळी केले. सगळ्यांच्या सूचना जमवून प्रमाण असं ठरलं :

उकडून सोललेले चेस्टनट १३० ग्रॅम. त्यातले ८० ग्रॅम ११० मिली घट्ट सोया दुधात वाटले, ५० ग्रॅमचे तुकडे. मैदा १२० ग्रॅम, बेकिंग पावडर ६ ग्रॅम, चिमूटभर मीठ. साखर ७०. तांदळाच्या कोंड्याचं तेल ५०, त्यात ६ ग्रॅम माचा घोटला. अंडं १. अंडं-साखर, मग माचाचं तेल, मग चेस्टनटचं दूध, शेवटी मैदा. सहा साचे, १७० अंश, २४ मिनिटं, तेराव्या मिनिटाला फॉइल.

मधून फोडला तर आत कोवळ्या भाताच्या रोपासारखा हिरवा! कडा जरा पिवळट, तेवढं चालायचंच. काही लगेच डब्यात बंद केले, कारण उजेडातही रंग उडतो. दुसऱ्या दिवशीही मऊ होते. लेकाने वरचा चेस्टनटचा तुकडा आधी उपटून खाल्ला, मग विचारलं, "यात न्यू नाही ना?" नाही म्हटल्यावर एक संपवला आणि दुसऱ्याला हात घातला. अवनीच्या आईची मर्यादा आठवून डबा वर ठेवला, तर रडारड :)

अवनीची_आई

शाब्बास! दुसरा दुसऱ्या दिवशी सकाळी.

रसायनवाला

आत हिरवा राहिला हे वाचून फार आनंद झाला. फोटो टाका.

कोकणची_चेडवा

माझाही अहवाल. ८० ग्रॅम आठळ्या, पांढरं टरफल काढून, तपकिरी साल तशीच ठेवून वाटल्या. वाटण चिकट झालं म्हणून सोया दूध ३० मिली जास्त घातलं. माचा नव्हता, वेलची घातली. चेस्टनटपेक्षा गोडी कमी म्हणून साखरेऐवजी गूळ ९० ग्रॅम. मफिन जरासे घट्ट, पण ओलसर आणि खमंग. सासूबाईंनी ओळखलं नाही कशाचे ते. सांगितल्यावर दुसरा घेतला.

पातेलं_आणि_पळी

तपकिरी साल ठेवली तर तुरट नाही लागत?

कोकणची_चेडवा

किंचित लागते. पुढच्या वेळी खरवडून काढेन. मुग्धा, मे महिन्यात चिपळूणला येशील तेव्हा ताज्या आठळ्या ठेवते. येताना निशिओचा एक छोटा डबा आण, दोन्ही एकत्र करून बघू.

मुग्धा_नागोया

आणते. लेकाला आत्ताच सांगितलंय, तो विचारतोय आठळी म्हणजे कोकणातली कुरी का.